सेजंक्शन आणि जामची तर्री

सेजंक्शन हा शब्द मी माझ्या आख्ख्या वकिलीत एकदाही कोर्टात उच्चारला नाही. उच्चारला असता तर समोरच्या वकिलांनी वर्धा जंक्शनबद्दल बोलतेय असं समजून मला गाडीची वेळ विचारली असती. इंग्रजी घरी-दारी बोलणारी माणसंही हा शब्द वापरत नाहीत. तो जाडजूड कोशाच्या एका कोपऱ्यात पडून असतो, माळ्यावरच्या पितळी भांड्यासारखा. पण कुणी 'वकीलबाई, तुमची सगळ्यात मोठी केस कोणती?' असं विचारलं की मला हाच शब्द आठवतो, आणि त्यापाठोपाठ जाम नावाच्या गावच्या चौकातल्या तर्रीचा वास येतो. या दोघांचा एकमेकांशी काय संबंध, ते सांगायलाच आज बसले आहे.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मी वर्ध्यात काळा कोट चढवला. बाई वकील म्हटल्यावर माझ्याकडे काय येणार, हे बाररूममधल्या मंडळींनी आधीच ठरवून टाकलं होतं. जमिनीचे दावे त्यांच्याकडे, फौजदारी त्यांच्याकडे, आणि नवरा-बायकोची भांडणं माझ्याकडे. 'तुम्हाला रडणं ऐकून घेता येतं,' असं एका वकिलांनी मला अगदी कौतुकाने सांगितलं. मी मनात म्हटलं, बाबा रे, रडणं ऐकून घेणं सोपं असतं, रडणं थांबल्यावर बाई जे बोलते ते ऐकून घेणं कठीण. पण जे वाट्याला आलं ते मी घेतलं, आणि आज मागे पाहताना वाटतं, बरं झालं. दुसऱ्याच्या चुलीपर्यंत जाऊन बसायला किती जणांना मिळतं!

माझे सिनियर म्हणजे देवरावजी. सिंदीजवळ त्यांची शेती होती, घरी बैलजोडी होती, आणि पॅसेंजरने ते रोज वर्ध्याला यायचे. धोतर सोडून पँट घालायला लागले ते केवळ कोर्टाच्या धाकाने, असं ते स्वतःच सांगत. या माणसाला लॅटिनचं वेड होतं. कुणाकडून शिकले नव्हते, जुन्या कायदाकोशावर एकट्यानेच मेहनत केली होती. त्यांचे उच्चार ऐकून एखाद्या रोमन माणसाला आपण वऱ्हाडात जन्मलो की काय अशी शंका आली असती. शनिवारी पक्षकार कमी असत. त्या दुपारी ते खुर्चीत मागे रेलायचे आणि मला एक शब्द द्यायचे, जसा कुणी लेकराला गुळाचा खडा देतो.

एका शनिवारी त्यांनी मी लिहिलेला घटस्फोटाचा अर्ज वाचला, बाजूला ठेवला आणि विचारलं, "वकीलीनबाई, डिव्होर्स म्हंजे काय?"

मी कलम सांगितलं.

"कलम नाई इचारलं. शब्द इचारला. रोमची मानसं म्हनत, डिव्हर्टेरे. वळनं, तोंड फिरवनं. दोघं दोन रस्त्याले लागले, का झाला डिव्होर्स. आता सेपरेट सांगा."

मला येत नव्हतं, हे त्यांना माहीत होतं. म्हणूनच विचारायचे.

"से म्हंजे बाजूले. पारारे म्हंजे तयारी करनं. वेगळी तयारी, वेगळी चूल. आपल्याकडे भाऊ-भाऊ वेगळे निघते ना, तसं." मग त्यांनी आवाज खाली आणला. "अन् तिसरा शब्द हाय, कोनी वापरत नाई. सेजंक्शन. पुन्हा थेच से, बाजूले. अन् युंगेरे म्हंजे जुंपनं. जुंपलेलं बाजूले करनं. त्याइचं युगुम अन् आपलं जू एकाच सुतारानं घडवलं हाय पोरी. आपला योग, आपलं युग, सारे त्याच घरचे."

मी म्हटलं, "म्हणजे तिन्हीचा अर्थ वेगळं होणं."

"अर्थ एक. पन करनी तीन. तोंड फिरवलं, चूल वेगळी मांडली, नाई तं फक्त जू उतरवलं. सांजले बैल सोडतो, तवा आपन काय तोडतो?"

मी हसले आणि विचारलं, हे कोर्टात कशाला उपयोगी पडणार? ते म्हणाले, "कशालेच नाई. मुळं शोधून खटला जिंकता येत नाई. पन घाई कमी होते."

बाहेरच्यांसाठी थोडं कायद्याचं सांगते. लग्न मोडायचं असेल तर घटस्फोट असतो, हे सगळ्यांना माहीत आहे. पण त्याच कायद्यात आणखी एक दार आहे. कोर्ट हुकूम देतं की आता तुम्ही एकत्र राहायला बांधील नाही. लग्न कायम, संसार स्थगित. त्यानंतर वर्षभर दोघं एकत्र आले नाहीत तर कुणीही घटस्फोट मागू शकतो, आणि मन पालटलं तर हुकूम रद्दही करून घेता येतो. या दाराला कायद्यात भारदस्त नाव आहे. आमच्या लोकांसाठी मात्र नावं दोनच, नांदणं आणि फारकत. मधलं काही नाहीच.

या मधल्या दाराशी येणारे लोकही मजेचे. सिंदीचे एक कापसाचे व्यापारी आले होते, गळ्यात सोन्याची साखळी आणि चेहऱ्यावर जन्माचा वैताग. बायकोशी एक दिवसही पटत नाही, वेगळं राहायचं आहे, म्हणाले. मी सगळं लिहून घेतलं. उठता उठता ते खाकरले. "मॅडम, एक बात हाय. तिच्या हातची पाटोडी... म्हंजे हुकमात असं लिहून घेता येते का, का डबा चालू राहीन म्हनून?" मी म्हटलं, शेठजी, तुम्हाला वकील नको, खानावळ पाहिजे. चार दिवसांनी समजलं की ते अर्जाच्या भानगडीत न पडता घरीच जेवत आहेत. त्यांची बायको मला बाजारात भेटली तेव्हा म्हणाली, "मी त्याइले सांगितलं, हुकूम आना, मंग पाटोडी बंद."

पण ही केस रंजनाची आहे.

जाम म्हणजे हायवेवरचा चौक. ट्रक थांबतात, गाड्या थांबतात, माणसं खातात आणि निघून जातात. तिथे मारोती आणि रंजना या जोडप्याचं नाश्त्याचं हॉटेल होतं. ताडपत्रीचं छप्पर, दोन बाकडी आणि एक भट्टी. तो आलूबोंडा तळायचा, ती पोह्यावर घालायची तर्री करायची. लाल, तवंग आलेला, चण्याचा झणझणीत रस्सा. नागपूर-हैदराबाद रस्त्यावरचे ड्रायव्हर तिला भाभी म्हणत आणि तिच्या तर्रीसाठी भूक राखून येत. मारोतीला दारूचं व्यसन नव्हतं, पण जीभ भट्टीपेक्षा गरम. ती काही बोलली की 'तू चूप बस', हे त्याचं उत्तर. एका सकाळी गिऱ्हाइकांच्या देखत त्याने तिच्या पाठीवर झारा मारला. तेलातला, गरम.

रंजनाने पदर खोचला, कढई उतरवून ठेवली आणि निघून गेली. पण गेली कुठे? फक्त रस्त्यापलीकडे! गावात खोली घेतली आणि चौकाच्या दुसऱ्या बाजूला स्वतःचा ठेला लावला. तिचा भाऊ गजानन समुद्रपूरकडच्या एका खेड्यात राहायचा. तो तिला घेऊन माझ्याकडे आला.

"फारकत करून द्या," तो म्हणाला. "दुसरं घर पाहून ठेवलं हाय."

मी त्याला चहा सांगायला बाहेर पाठवलं आणि तिला विचारलं. ती खिडकीबाहेर पाहत होती.

"मले त्याच्या घरात नाई राह्याचं. बस, इतलंच."

"फारकत पाहिजे?"

"थे मले आज नाई मालूम."

घटस्फोटाचा अर्ज मला पाठ होता. मारहाण झाली होती, चौकभर साक्षीदार होते, केस सरळ होती. पण तिने 'आज नाई मालूम' म्हटलं आणि मला तो निरुपयोगी शब्द आठवला. जू उतरवणं. ज्या बाईला आज फक्त खांदा मोकळा पाहिजे, तिचं तोंड मी कुठल्या रस्त्याला फिरवू? मी मधल्या दाराचा अर्ज लिहिला. देवरावजींनी तो वाचला आणि चष्मा पुसला. ते खूश झाले की चष्मा पुसत.

मारोतीने कोर्टात काही लपवलं नाही. "झारा मारला का?" न्यायाधीशांनी विचारलं. "मारला जी." "का?" त्याने खूप विचार केला. "थे बोलून राह्यली होती," तो म्हणाला. मला वाटतं, आपण काय बोललो ते त्याचं त्यालाही ऐकू आलं. हुकूम झाला. रंजनाला मी तीन-तीनदा समजावलं, हे लग्न मोडणं नव्हे. तिला ते पहिल्याच वेळी समजलं होतं. गजाननला समजलं नाही.

एका दुपारी ऑफिसच्या दारात एक सरदारजी ट्रक ड्रायव्हर उभा राहिला. "जाम की भाभी ने भेजा है। बोली, वकील मैडम को बोलना, भाई ने परसों मेरा पाट रखा है।" पाट म्हणजे आमच्याकडे बाईचं दुसरं लग्न. कोर्टाचा हुकूम झाला म्हणजे फारकत झाली असं गजाननने गावात सांगितलं होतं, आणि कारंजा घाडगेच्या एका विधुर ढाबेवाल्याशी बहिणीचं ठरवून टाकलं होतं. घरच्यांनी तिला ठेल्यावरून उचलून गावी नेलं होतं; जाता जाता तिने हा निरोप दिला होता. पहिलं लग्न कायम असताना दुसरं, म्हणजे गुन्हा, आणि त्यात फरफट होणार रंजनाचीच. नंतर कोर्टकचेऱ्या झाल्या असत्या, तिचा ठेला गेला असता, आणि मारोतीची बायकोही नाही नि ढाबेवाल्याचीही नाही, अशी ती अधांतरी लटकली असती.

देवरावजींना सांगितलं. त्यांनी पाटाच्या दिवशीच्या तारखा पुढे ढकलल्या आणि आम्ही जीपने गजाननच्या गावी पोचलो. अंगणात सतरंजी अंथरलेली, गावातले चार वडीलधारे, गजानन, आणि नवा पांढरा शर्ट घालून कोपऱ्यात बसलेला ढाबेवाला. रंजना दाराच्या चौकटीत उभी होती. मी कायदा सांगायला तोंड उघडलं तर देवरावजींनी हात धरून मला थांबवलं.

"गजाननभाऊ, तुमच्याकडे बैल हाय?"

"हाय जी."

"सांजले जू उतरवता?"

"उतरवतो ना."

"मंग एखाद्यानं येऊन म्हनलं, बैल सुटला हाय, मी घेऊन जातो, तं देसान का?"

म्हातारे हसले. "कसा देईन बाप्पा! सोडला म्हंजे का इकला?" एक जण म्हणाला.

"बस, कोर्टानं जू उतरवलं हाय. बैल इकला नाई."

सगळ्यांना एका क्षणात समजलं. जे मला कलमांच्या भाषेत तासभरात सांगता आलं नसतं ते त्यांनी एका बैलजोडीत सांगून टाकलं. मी मनातल्या मनात त्या रोमन सुताराला हात जोडत होते, तेवढ्यात दारातून आवाज आला.

"मी बैल नाई, साहेब."

देवरावजी वळले. रंजना चौकट सोडून अंगणात आली होती.

"तुमी चांगल्यासाठी बोलून राह्यले, मले समजते. पन बैलाले कोनी इचारते का, जू पायजे का नाई? त्यानं बांधलं, यानं सोडलं, हा आता इकून राह्यला. माह्या लग्नाच्या टाइमाले मले कोनी इचारलं नाई. झारा मारला तवा इचारलं नाई. अन् आता पाट लावून राह्यले, थेही नाई इचारलं. माहं म्हननं इतलंच हाय का मले इचारा."

देवरावजींसारखा माणूस, आयुष्यभर शब्दांवर प्रेम केलेला, त्यांनी दोन्ही हात जोडले. "बरोबर हाय बाई. माही उपमा अर्धीच होती," ते म्हणाले. मी त्यांना कोर्टात कधी हार मानताना पाहिलं नव्हतं. त्या दिवशी त्यांनी ती इतक्या आनंदाने मानली की माझ्या डोळ्यांत पाणी आलं.

पहिला उठला तो ढाबेवाला. भला माणूस होता. "मले सांगितलं होतं मोकळी हाय म्हनून. बाईची मर्जी नाई तं मीही नाई," म्हणाला, चहा पूर्ण प्यायला आणि सगळ्यांना रामराम करून निघाला. गजाननचा चेहरा पडला होता. तो दुष्ट नव्हता हो. एकट्या बहिणीबद्दल लोक काय बोलून राहिले, याने त्याची झोप उडाली होती. शेवटी तो कसाबसा म्हणाला, "मंग काय कराचं म्हनतं तू?"

"ठेला," रंजना म्हणाली. "बाकीचं मंग पाहू."

सगळ्याच केसेस अशा वळणाच्या नसतात, हेही सांगितलं पाहिजे. काही बायकांसाठी तोडणंच बरोबर होतं, आणि तिथे मी एका दिवसाचाही उशीर केला नाही. काहींना मी समजावून परत पाठवलं आणि त्याची खंत आजही आहे. पण त्या अंगणातून परतल्यापासून कुठल्याही बाईला विचारल्याशिवाय मी कागदाला पेन लावलं नाही, आणि तिच्या भावाला आधी चहा सांगायला पाठवलं. हे मला दोन माणसांनी शिकवलं. एकाने शब्द दिला, दुसरीने तो तपासून दिला.

वर्ष गेलं. कायद्याने आता रंजनाला घटस्फोट मागता येत होता. ती आली नाही. मारोतीही आला नाही. दुसरं वर्ष गेलं, तिसरं गेलं. हिंगणघाटच्या तारखेला जाताना मी जामला उतरायचे, तिच्या ठेल्यावर पोहा खायचे. चौकात एक अजबच रीत पडली होती. गिऱ्हाईक रंजनाकडे तर्री-पोहा घ्यायचं, प्लेट हातात धरून रस्ता ओलांडायचं आणि मारोतीकडे आलूबोंडा घ्यायचं. दोघं एकमेकांशी अक्षर बोलत नसत. ड्रायव्हर मात्र या बाजूने त्या बाजूला ओरडायचे, "मारोती, दो बोंडा इधर!" मी एकदा तिला विचारलं, पुढचा अर्ज करायचा का? ती म्हणाली, "खांदा दुखत नाई आता. राहू द्या."

देवरावजी गेले ते दोन हजार सालानंतर. शेवटच्या आजारात मी भेटायला गेले तेव्हाही त्यांनी विचारलं, "जामचं काय?" मी म्हटलं, तसंच आहे. त्यांनी उशीजवळचा चष्मा घेतला आणि पुसला. त्यांचे आभार मी तोंडाने कधी मानले नाहीत. आमच्याकडे तशी पद्धत नसते, आणि ते रागावले असते. म्हणून इथे लिहिते.

मग हायवे चौपदरी व्हायला निघाला. चौकातली दोन्ही बाजूंची दुकानं हटवायची होती. ठेला जाणार, हॉटेलही जाणार. त्याच सुमारास एका सकाळी मारोती माझ्या ऑफिसात आला, एकटाच. केस पांढरे झाले होते. मला वाटलं, आता हा घटस्फोट मागणार.

"वकीलीनबाई, जागा गेली. आतल्या रस्त्यावर एकच दुकान मिळून राह्यलं. मोठं हाय, दोघाइले पुरते. तिले इचाराचं होतं, एका जागी हॉटेल टाकाचं का. तुमी नोटीस धाडता का तिले?"

मी आधी हसलेच. नोटीस भांडायला पाठवतात, विचारायला नाही, असं सांगितलं. तूच जाऊन विचार.

तो खाली मान घालून बसला. "मी तिले कधी काई इचारलं नाई. सांगतच आलो. मले इचारता येत नाई, बाई. तोंडातून निघतच नाई."

मी कोट खुंटीला लावला आणि त्याच्याबरोबर जामला गेले. रंजना ठेल्याचं सामानसुमान आवरत होती. मारोती रस्ता ओलांडून तिच्यासमोर उभा राहिला. मी मागे थांबले. तो एकदा घसा साफ करून गप्प झाला, पुन्हा केला, पुन्हा गप्प. ती पातेलं घासत राहिली, पण निघून गेली नाही.

"एक दुकान हाय," शेवटी तो म्हणाला. "एका जागी हॉटेल टाकाचं का? तू सांग. तू म्हनशीन तसं."

रंजनाने पातेलं खाली ठेवलं आणि हात पुसले. इतक्या वर्षांनी कुणीतरी विचारलं होतं, आणि तिला घाई नव्हती.

"भट्टी एक चालन," ती म्हणाली. "घर मात्र दोन राह्यतीन. माही खोली माही."

मारोतीने मान हलवली. ती त्याच्याकडे पाहत राहिली, मग तिने विचारलं, "तुमाले चालते का?"

तो गोंधळला. त्याने वळून माझ्याकडे पाहिलं, जणू हे उत्तर वकिलानेच द्यायचं असतं. त्यालाही आजवर कुणी विचारलं नव्हतं.

"चालते ना," तो म्हणाला, आणि मग घाईघाईने, ती मत बदलेल की काय या भीतीने, "कांदा मी कापत जाईन."